पिंजारी, नदाफ, मन्सूरी : एका आडनावाचा शोध

रोजा सोडायला वीसेक मिनिटं राहिली होती. दस्तरखानावर खजूर, भजी आणि कापलेलं टरबूज मांडून झालं होतं. एवढ्यात पुतण्या हातात कागदांची फाईल घेऊन आला. यंदा तो बारावीला आहे. पुढच्या प्रवेशासाठी जातीचा दाखला हवा म्हणून त्याने अर्ज केला होता, तो त्रुटी काढून परत आला होता. अर्जात जात ‘पिंजारी’ आणि आजोबांच्या शाळेच्या दाखल्यावर आडनाव ‘शेख’, जातीच्या रकान्यात नुसतं ‘मुसलमान’.

“चाचा, आपलं खरं आडनाव कोणतं?” त्याने विचारलं.

मी कॉलेजात मराठी शिकवतो. शब्दांची व्युत्पत्ती सांगणं हा माझा रोजचा धंदा. तरी त्या क्षणी माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी अब्बांकडे पाहिलं. ते तसबीह फिरवत खाली मान घालून बसले होते.

वाचकहो, मुसलमानाचं नाव हा तसा सोपा विषय नाही. अरबांमध्ये आडनाव नावाची गोष्टच नव्हती. माणसाला स्वतःचं नाव असे, त्यापुढे ‘इब्न’ म्हणजे ‘चा मुलगा’ असं म्हणून बापाचं नाव येई. कुणाला मुलावरून ओळखत, जसं ‘अबू’ अमुक, म्हणजे अमुकचा बाप. आणि कुणाला गावावरून. हदीसचे संग्राहक इमाम बुखारी हे बुखारा शहराचे, म्हणून बुखारी. आपल्याकडे जन्मले असते तर लोकांनी त्यांना ‘बुखारकर’ म्हटलं असतं! लुधियान्याचे साहिर लुधियानवी झाले, आझमगडचे कैफी आझमी झाले, त्याच रीतीने आपल्या कोकणातले मुसलमान चिपळूणकर आणि दाभोळकर झाले. अरबी ‘ई’ आणि मराठी ‘कर’ एकच काम करतात.

स्वतःच्या नावाचंही असंच. ‘अब्द’ म्हणजे दास. अब्दुल रहमान म्हणजे रहमानचा, त्या परमदयाळूचा दास. अब्दुल रज्जाक म्हणजे अन्नदात्याचा दास. नुसतं ‘अब्दुल’ म्हणजे ‘चा दास’, कुणाचा ते सांगितलेलंच नाही. आमच्या कॉलेजच्या हजेरीपटावर असे कितीतरी अर्धवट अब्दुल आहेत. हजेरी घेताना मी मुद्दाम पूर्ण नाव घेतो. अल्लाहला सर्वांत प्रिय नावं अब्दुल्लाह आणि अब्दुर्रहमान, असं हदीसमध्ये आलं आहे. दोन्हींचा अर्थ दास असाच. मोठेपणाची नावं नाहीत ती.

या महिन्यातही नावं दडलेली आहेत. ‘रमजान’ हा शब्द ज्या धातूपासून आला त्याचा अर्थ होरपळवणारी उष्णता. हल्ली ज्याच्या त्याच्या घरात एक ‘रय्यान’ असतो. रय्यान म्हणजे तहान भागलेला, तृप्त. रोजेदार ज्या दारातून जन्नतमध्ये जातील त्या दाराचं हे नाव. पूर्वीच्या खेड्यातल्या लोकांना इतकं शोधावं लागत नसे. ईदला जन्मला तो ईदू, जुम्म्याला जन्मला तो जुम्मन, शब-ए-बरातला जन्मला तो शबराती. माझ्या आजोबांचं नाव या महिन्याचंच होतं. जन्मतारीख कुणाला ठाऊक नव्हती, पण महिना साऱ्या गावाला ठाऊक होता.

मग आडनाव? महाराष्ट्रातल्या मुसलमानाचं आडनाव पुष्कळदा त्याच्या आज्या-पणज्याच्या हातातलं हत्यार सांगतं. अत्तार म्हणजे अत्तर विकणारा. बागवान म्हणजे बाग राखणारा. फारसीत ‘सैकल’ म्हणजे धार, चकाकी, ती देणारा तो शिकलगार. तांबोळी हा शब्द तर संस्कृत तांबूलातून आलेला. हे लोक बाहेरून आलेले नव्हते, गावगाड्यातले होते. मुलाणी तर गावच्या बलुतेदारांत मोजला जाई.

आणि हा व्यवहार एकतर्फी नव्हता. ‘नवीस’ हा फारसी शब्द, अर्थ लिहिणारा. त्यातून फडणवीस, चिटणीस, पोतनीस, सबनीस झाले. फारसी लिहिणारे ते पारसनीस. मुजुमदार, दफ्तरदार, जहागीरदार, मिरासदार ही ब्राह्मण घरांतली आडनावंही दरबारी फारसीतूनच आली. उलट पाटील, देशमुख, खोत, नाईक ही आडनावं मुसलमान घरांत आजही नांदतात. मालोजीराजांनी अहमदनगरच्या शाह शरीफ या पीराला नवस केला आणि मुलांची नावं शहाजी व शरीफजी ठेवली, ही परंपरेने चालत आलेली कथा तर आपण सारेच जाणतो.

आता पिंजारी. कापूस पिंजतो तो पिंजारी, सरळ मराठी शब्द. दक्षिणेकडे गेलात तर हाच माणूस नदाफ होतो. अरबीत ‘नद्दाफ’ म्हणजे कापूस पिंजणारा. आणखी कुठे तो मन्सूरी होतो. मन्सूरी का? तर 922 साली बगदादमध्ये ज्यांना देहदंड झाला त्या सूफी मन्सूर हल्लाज यांच्यावरून. ‘हल्लाज’ या शब्दाचाही अर्थ पिंजारीच. गंमत अशी, की या सूफींचं स्वतःचं नाव हुसैन. मन्सूर हे त्यांच्या वडिलांचं नाव. जग त्यांना बापाच्या नावाने आणि पिंजाऱ्याच्या धंद्याने ओळखतं. महाराष्ट्राच्या इतर मागासवर्गीयांच्या यादीत पिंजारी, नदाफ आणि मन्सूरी शेजारी शेजारी बसले आहेत ते यामुळेच.

मग आमच्या घरात ‘शेख’ कुठून आला? अरबीत शेख म्हणजे वयोवृद्ध, आदरणीय, टोळीचा प्रमुख. आपल्याकडे सय्यद, शेख, मोगल, पठाण ही मानाची नावं ठरली आणि हाताने काम करणाऱ्यांची नावं खालची ठरली. म्हणून विणकर अन्सारी झाले, मदीनेत पैगंबरांना आसरा देणाऱ्या अन्सारांवरून. खाटीक कुरैशी झाले, पैगंबरांच्या कुरैश कबिल्यावरून. ज्याला काहीच सापडलं नाही तो शेख झाला. यात कुणाला हसण्यासारखं काही नाही. मानाने जगावंसं कुणाला वाटत नाही?

त्या दिवशी मगरिबची अजान झाली. अब्बांनी खजूर तोंडात घातली, पाणी प्याले आणि मग बोलले.

“मीच लिहिलं शेख. 1958 साली. शाळेत नाव घालायला तुझे आजोबा आले नाहीत. ते खांद्यावर पिंजण घेऊन गावोगाव गाद्या भरायला गेलेले. मी एकटाच गेलो. मास्तरांनी आडनाव विचारलं. मागच्या पोरांनी तोंडाने पिंजणीच्या तातीचा आवाज काढला, तुंई तुंई. सगळे हसले. मी म्हणालो, शेख.”

सहा-सात वर्षांचं पोर ते. दोन अक्षरांत सुटका झाली. पुढे तेच आडनाव नोकरीत आलं, माझ्या दाखल्यावर आलं आणि पुतण्याच्या फाईलीपर्यंत पोचलं. ओबीसीच्या दाखल्याला 13 ऑक्टोबर 1967 पूर्वीचा पुरावा मागतात. आमच्या घरात त्याआधी शाळेत गेलेला एकच माणूस, आणि त्याच्या दाखल्यावर पिंजारी नाही.

मला तेव्हा हदीसमधला एक प्रसंग आठवला. हज्न नावाचे एक गृहस्थ पैगंबरांकडे आले. हज्न म्हणजे खडबडीत, कठीण. पैगंबरांनी त्यांना ‘सहल’, म्हणजे सुलभ, हे नाव सुचवलं. बापाने ठेवलेलं नाव मी बदलणार नाही, असं ते म्हणाले. त्यांचे नातू पुढे सांगत, की तो कठोरपणा आमच्या घरात राहिलाच. ‘आसिया’ म्हणजे आज्ञा मोडणारी, अशा नावाच्या स्त्रीचं नाव पैगंबरांनी ‘जमीला’ केलं होतं. म्हणजे नाव बदलू नये असं नाही. ज्याचा अर्थच वाईट ते बदलावं. पण पिंजारी या शब्दात वाईट काय आहे? गाठ सोडवून कापूस मऊ करणारा माणूस तो. वाईट होता तो वर्गातला हशा. आणि त्याची किंमत नावाने मोजली.

कुरआनच्या सूरह हुजुरातमध्ये दोन गोष्टी लागोपाठ येतात. एकमेकांना टोपणनावांनी हिणवू नका, ही एक. आणि कबिले व जमाती या केवळ ओळखीसाठी आहेत, मोठेपणा फक्त सदाचाराचा, ही दुसरी. तरावीहमध्ये दरवर्षी या आयती आपण ऐकतो. ऐकून घरी येतो आणि सोयरीक जमवताना पहिला प्रश्न विचारतो, “बिरादरी कोणती?”

दुसऱ्या आठवड्यात मी आणि पुतण्या तहसीलला गेलो. गावचं जुनं कोतवाल बुक, म्हणजे जन्म-मृत्यूची नोंदवही, गाव नमुना 14, तिथे पाहायला मिळतं. पानं पिवळी पडलेली, कडा झडलेल्या. रोजाचं ऊन, घशाला कोरड. दीडेक तासाने 1952 सालच्या एका पानावर पुतण्याचं बोट थांबलं. मुलाचं नाव नव्हतं, नुसतं ‘मुलगा’. बापाच्या जागी आजोबांचं नाव, आणि जातीच्या रकान्यात काळ्या शाईत, स्वच्छ मराठीत : पिंजारी.

अब्बांनी स्वतःला शेख म्हणायच्या सहा वर्षं आधी कोतवालाने त्यांची ओळख लिहून ठेवली होती.

नक्कल मिळाली आहे, अर्ज पुन्हा गेला आहे, निकाल यायचा आहे. त्या संध्याकाळी नक्कल अब्बांच्या हातात दिली. चष्मा लावून त्यांनी ती दोनदा वाचली. मग माळ्यावरून काहीतरी काढायला पुतण्याला सांगितलं. जुन्या पोत्यात गुंडाळलेली आजोबांची पिंजण होती ती. तात केव्हाच तुटलेली, लाकूड मात्र शाबूत. तिच्याच पिंजलेल्या कापसाच्या गादीवर मी लहानपणी झोपलो आहे. आज घराघरात फोमच्या गाद्या आहेत. धंदा गेला, आता आडनावात तेवढा उरला आहे.

पुतण्याने विचारलं, “दादा, वाजते कशी ही?”

अब्बांनी पिंजण मांडीवर घेतली, नसलेल्या तातीवर बोट ठेवलं आणि तोंडाने आवाज काढला, तुंई तुंई. या वेळी हसले ते स्वतः.