सोडतीतले नशीब: गैरसमज आणि गणित

म्हाडाच्या, म्हणजे राज्याच्या गृहनिर्माण प्राधिकरणाच्या, मुंबई मंडळाने 2 जून 2019 रोजी चेंबूरच्या सहकारनगरातील घरांसह एकूण 217 घरांची सोडत काढली, तेव्हा सुमारे 66 हजार अर्ज आले होते. म्हणजे उत्पन्न गटांनुसार पडणारा फरक बाजूला ठेवला, तर एका अर्जाची संभाव्यता, अर्थात घर लागण्याचे गणिती प्रमाण, सरासरी 300 मध्ये 1 एवढीच होती.

या प्रमाणाभोवतीचा सर्वांत चिवट गैरसमज असा, की दहा वेळा नाव हुकले म्हणजे आता नंबर लागायलाच हवा. प्रत्यक्षात सोडती परस्परस्वतंत्र असतात, म्हणजे मागच्या निकालाचा पुढच्या निकालावर परिणाम होत नाही. 300 मध्ये 1 हेच प्रमाण कायम धरले, तर दहा सोडतींत मिळून एकदा तरी घर लागण्याची संभाव्यता जेमतेम 3.3 टक्के भरते, आणि ती निम्म्यावर पोहोचायला 208 सोडती लागतात. वर्षाला एक सोडत धरली, तर हा हिशेब कितव्या पिढीत पुरा होईल ते वेगळे सांगायला नको.

एकाच वसाहतीतील दोघांना घर लागले, की ‘सेटिंग’ची कुजबुज सुरू होते. त्या वसाहतीतून 1,000 अर्ज गेले असतील, तर किमान दोघांचे नाव लागण्याची संभाव्यता सुमारे 84 टक्के असते. यावरून कोणतीही सोडत निर्दोष ठरत नाही. एवढेच, की असा योगायोग गैरव्यवहाराचा पुरावा नव्हे.

घर लागलेच, तरी अशा अनपेक्षित लाभाचा आनंद चार दिवसांत विरतो, हा समज मुख्यतः 1978 च्या एका अमेरिकी अभ्यासावर पोसला गेला, ज्यात लॉटरीचे विजेते अवघे 22 होते. 2020 मध्ये प्रसिद्ध झालेल्या, कितीतरी मोठ्या स्वीडिश अभ्यासात मात्र विजेत्यांचे आयुष्याविषयीचे समाधान दशकाहून अधिक काळ टिकलेले आढळले. संशोधक तनू कुमार यांनी तर मुंबईतील म्हाडाच्याच 2012 आणि 2014 च्या सोडतींतील विजेत्यांची तुलना घर न लागलेल्या अर्जदारांशी केली. अनेक विजेत्यांनी मिळालेले घर भाड्याने दिले होते, तरीही नागरी सुविधांविषयी एकत्र येऊन तक्रार करण्यात आणि स्थानिक सभांना जाण्यात विजेतेच पुढे होते.