युनिपेल्टाटा

कवचधर (क्रस्टेशियन) प्राण्यांच्या मॅलॅकॉस्ट्राका वर्गातील स्टोमॅटोपोडा गणाचा एक उपगण. विद्यमान (आज जिवंत असलेल्या) सर्व मँटिस कोळंब्यांचा समावेश याच उपगणात होतो. मँटिस कोळंबी हे नाव रूढ असले, तरी हे प्राणी खऱ्या कोळंब्यांहून वेगळे आहेत. भक्ष्य पकडण्याच्या उपांगांची एक मोठी जोडी ते प्रार्थना कीटकाच्या (मँटिसाच्या) पुढील पायांप्रमाणे घडी करून ठेवतात, म्हणून त्यांना हे नाव पडले आहे. विद्यमान जाती सु. ५०० असून त्या मुख्यतः उष्ण व समशीतोष्ण समुद्रांत तळाशी बिळे करून किंवा प्रवाळ-खडकांच्या कपारींत राहतात. बहुतेक जाती काही सेंमी. ते २०–२५ सेंमी. लांबीच्या असतात, लायसिओस्क्विलिना मॅक्युलाटा ही जाती सु. ३८ सेंमी. पर्यंत वाढते.

युनिपेल्टाटा ही संज्ञा सर्वसाधारण ग्रंथांत क्वचितच आढळते. ती ज्या दुसऱ्या संज्ञेच्या विरोधात योजली गेली होती, ती संज्ञा प्राणिविज्ञानातून केव्हाच बाद झाली. तरीही युनिपेल्टाटा ही संज्ञा टिकून राहिली आणि पुढे अगदी निराळ्या कारणासाठी आवश्यक ठरली. त्यामुळे तिचा अर्थ कळण्यासाठी तिचा इतिहास पाहणे इष्ट ठरते.

व्युत्पत्ती व अर्थ : लॅटिनमधील ‘ऊनुस’ (एक) आणि ‘पेल्टा’ (लहान ढाल) या शब्दांपासून ही संज्ञा बनली असून तिचा शब्दशः अर्थ ‘एक ढाल असलेले’ असा होतो. येथे ढाल म्हणजे पृष्ठवर्म (डोके व वक्ष यांच्या पाठीवरील सलग कवच) होय. ज्या गणात हा उपगण मोडतो त्या स्टोमॅटोपोडा गणाचे नाव ‘तोंड’ व ‘पाय’ या अर्थांच्या दोन ग्रीक शब्दांवरून आले आहे. या प्राण्यांची अनेक उपांगे तोंडालगत एकवटलेली असतात, ही गोष्ट त्यातून सूचित होते.

इतिहास : स्टोमॅटोपोडा या गणाची स्थापना फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ प्येर आंद्रे लात्रेय (१७६२–१८३३) यांनी १८१७ मध्ये केली. पुढे १८२५ मध्ये त्यांनी या गणाचे दोन विभाग पाडले : युनिपेल्टाटा म्हणजे एक ढालीचे आणि बायपेल्टाटा म्हणजे दोन ढालींचे. पहिल्या विभागात स्क्विला, गोनोडॅक्टायलस इ. मँटिस कोळंब्या होत्या. दुसऱ्या विभागात फायलोसोमा या नावाने ओळखले जाणारे पानासारखे चपटे, काचेसारखे पारदर्शक सागरी प्राणी होते. त्यांच्या शरीरावर दोन स्वतंत्र चकत्या दिसतात : पुढील चकतीवर डोळे व शृंगिका असतात, तर मागील चकतीपासून लांब, बारीक पाय फुटलेले असतात. दोन ढाली हे लक्षण यावरूनच घेतलेले होते.

दिसलेल्या लक्षणांच्या दृष्टीने ही विभागणी बिनचूक होती. दोष होता तो तुलनेत. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास शेवंडांच्या अंड्यांतून बाहेर पडणाऱ्या पिलांचे निरीक्षण करण्यात आले. त्यावरून फायलोसोमा हे प्रौढ प्राणी नसून शेवंड व त्यांच्या नात्यातील चपट्या लॉब्स्टरांचे डिंभ (अंड्यातून बाहेर पडल्यावरची, प्रौढाहून निराळ्या रूपाची अवस्था) आहेत, हे सिद्ध झाले. अशा रीतीने एका गणातील प्रौढांशी दुसऱ्या गणातील डिंभांची तुलना केली गेली होती. बायपेल्टाटा हा विभाग त्यामुळे निराधार ठरला आणि फायलोसोमा हे नाव एका डिंभप्रकाराचे नाव म्हणून उरले.

हाच प्रमाद युनिपेल्टाटाच्या अंतर्गतही घडला होता. लात्रेय यांनी या विभागात अलिमा व एरिक्थस या प्रजातींचाही समावेश केला होता. या दोन्ही प्रजाती वस्तुतः मँटिस कोळंब्यांच्या डिंभांवरून वर्णिलेल्या होत्या. कार्ल क्लाउस यांनी १८७१ मध्ये स्क्विलांच्या रूपांतरणाचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यानंतर ‘चॅलेंजर’ जहाजाच्या सफरीत मिळालेल्या नमुन्यांवरील १८८६ च्या अहवालात विल्यम कीथ ब्रुक्स यांनी कोणते डिंभ कोणत्या प्रौढांचे, याची सांगड घालून दिली. येथे मात्र डिंभ व प्रौढ एकाच विभागातील असल्याने प्रजातींची नावे बदलली, तरी विभागाच्या मर्यादा ढळल्या नाहीत.

मधल्या काळात स्टोमॅटोपोडा या नावाचा अर्थ सैल झाला होता. आंरी मिल्न-एद्वार यांनी १८३७ मध्ये या गणात तीन गट मानले : कोळंबीसारखे दिसणारे मायसिड इ. प्राणी, दोन चिलखतांचे (म्हणजे फायलोसोमा) आणि एक चिलखताचे (म्हणजे मँटिस कोळंब्या). यांपैकी पहिले दोन गट पुढे अन्यत्र गेले व केवळ तिसरा उरला. म्हणून एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील लेखनात गणाचे नाव आले असता ते मँटिस कोळंब्यांपुरतेच आहे असे गृहीत धरता येत नाही. युनिपेल्टाटा हे नाव आले असता मात्र तसे मानण्यास प्रत्यवाय नसतो.

शरीररचना : युनिपेल्टाटाचे पृष्ठवर्म आखूड असते. ते डोके व वक्षाचा पुढील भाग झाकते; वक्षाचे मागील चार खंड उघडे राहतात. पृष्ठवर्माच्या पुढील टोकास जोडलेली चंचू हलू शकते. डोळे देठांवर असतात. वक्षाच्या उपांगांच्या आठ जोड्यांपैकी पहिल्या पाच जंभपादांच्या (तोंडाजवळील साहाय्यक पायांच्या) असून शेवटच्या तीन चालण्याच्या पायांच्या असतात. जंभपादांची दुसरी जोडी अतिशय मोठी असून तिचे टोकाचे पेर चाकूच्या पात्याप्रमाणे आधीच्या पेरावर मिटते. उदर लांब व बळकट असते. त्याखालील प्लवपादांवर (पोहण्याच्या पायांवर) क्लोम (कल्ले) असतात. रुंद पुच्छखंडाचा उपयोग बिळाचे तोंड बंद करण्यास व बचावास होतो.

मोठ्या जंभपादाचा वापर दोन प्रकारे होतो. काही जातींत त्याच्या टोकाच्या पेरावर तीक्ष्ण काटे असतात व त्यांनी मासे, कोळंब्या यांसारखे मऊ भक्ष्य भोसकले जाते. काही जातींत त्याचा बुंधा गदेसारखा फुगीर असून त्याने शंख, खेकडे इत्यादींची कवचे फोडली जातात. ओडोंटोडॅक्टायलस स्किलारस या जातीच्या आघाताचा वेग सेकंदाला २३ मी. पर्यंत असल्याचे २००४ मध्ये मोजण्यात आले. इतका वेग केवळ स्नायूंच्या बळावर येत नाही. स्नायूंनी ताणलेली, खोगिराच्या आकाराची कवचाची एक कमान एकदम मोकळी सुटते व तीत साठलेली ऊर्जा उपांगास मिळते. भोसकणारे आणि फोडणारे हे भेद जीवनपद्धतीचे आहेत. त्यांना उपगणाचा दर्जा नाही.

सध्याचा अर्थ : बायपेल्टाटा हा विभाग नाहीसा झाल्यावर युनिपेल्टाटा हे नाव स्टोमॅटोपोडा या नावाला केवळ पर्यायी ठरले होते. विसाव्या शतकात पुराजीवविज्ञानामुळे त्याला पुन्हा महत्त्व प्राप्त झाले. पुराजीव महाकल्पातील, विशेषतः कार्बॉनिफेरस काळातील (सु. ३६ ते ३० कोटी वर्षांपूर्वीच्या) खडकांत मँटिस कोळंब्यांच्या पूर्वजांसारखे जीवाश्म सापडले. त्यांच्यासाठी एच. के. ब्रुक्स यांनी १९६२ मध्ये पॅलिओस्टोमॅटोपोडा (पुढे पॅलिओस्टोमॅटोपोडिया) आणि फ्रेडरिक श्राम यांनी १९६९ मध्ये आर्किओस्टोमॅटोपोडिया हे गट स्थापन केले. या निर्वंश गटांपासून विद्यमान प्राणी व त्यांचे निकटचे जीवाश्म वेगळे दर्शविण्यासाठी लात्रेय यांचेच नाव वापरले जाऊ लागले. जर्मनीतील सोल्नहोफेन येथील जुरासिक काळाच्या चुनखडकांत मिळालेली स्कल्डा ही प्रजाती अशा जीवाश्मांपैकी होय.

या नव्या मांडणीत ‘एक ढाल’ हे लक्षण भेददर्शक राहत नाही, कारण जीवाश्म गटांतील प्राण्यांनाही एकच पृष्ठवर्म होते. भेद दाखवितात ती उपांगे. पॅलिओस्टोमॅटोपोडियात भक्ष्य पकडणाऱ्या उपांगांच्या चार जोड्या साधारणतः सारख्या आकाराच्या आहेत. युनिपेल्टाटात त्यांपैकी पहिली, म्हणजे जंभपादांची दुसरी जोडी, इतरांच्या मानाने फार मोठी झालेली आहे. नाव कवचावरून पडलेले, पण व्याख्या उपांगावरून केलेली, अशी ही स्थिती आहे. वर्गीकरणातील नाव ही व्याख्या नसून केवळ खूण असते, या तत्त्वाचे हे चांगले उदाहरण होय. दोन्ही जीवाश्म गट नैसर्गिक आहेत की क्रमविकासाच्या ओघातील केवळ टप्पे आहेत, याविषयी तज्ञांत मतभेद आहेत.

वर्गीकरण : विसाव्या शतकाच्या सहाव्या दशकापर्यंत विद्यमान जाती बहुधा स्क्विलिडी या एकाच कुलात घातल्या जात. रेमंड मॅनिंग (१९३४–२०००) यांनी १९६७ पासून त्यांची अनेक कुलांत व पुढे १९८० मध्ये अधिकुलांत फेरमांडणी केली. सध्या युनिपेल्टाटात सात अधिकुले मानतात : बॅथिस्क्विलॉयडिया, एरिथ्रोस्क्विलॉयडिया, युरिस्क्विलॉयडिया, गोनोडॅक्टायलॉयडिया, लायसिओस्क्विलॉयडिया, पॅरास्क्विलॉयडिया व स्क्विलॉयडिया. रेणवीय पुराव्यांवरून गोनोडॅक्टायलॉयडिया हे एकाच पूर्वजापासून उद्‌भवलेले नसावे असे दिसते, त्यामुळे ही मांडणी अंतिम मानता येत नाही.

संज्ञेचा वापर : प्राणिनामकरणाची आंतरराष्ट्रीय संहिता अधिकुलापर्यंतच्या नावांचे नियमन करते. उपगण व गण यांची नावे तिच्या अग्रक्रमाच्या नियमांखाली येत नाहीत. ती रूढीने टिकतात. युनिपेल्टाटा हे नाव टिकले ते असेच. याउलट प्रजातींच्या नावांना अग्रक्रमाचा नियम लागू असल्याने डिंभावरून दिलेले अलिमा हे नाव आज काही प्रौढ जातींच्या प्रजातीचे वैध नाव आहे. त्याच वेळी स्क्विलॉयडियातील डिंभांनाही सामान्यतः अलिमा म्हणतात. प्रजातीचे नाव तिरप्या ठशात व डिंभप्रकाराचे साध्या ठशात छापण्याच्या प्रथेमुळे हा घोटाळा टळतो. युनिपेल्टाटा हे नावही साध्या ठशातच छापतात.

विद्यमान प्राण्यांपुरते पाहिल्यास स्टोमॅटोपोडा व युनिपेल्टाटा या संज्ञांची व्याप्ती एकच आहे. म्हणून मत्स्योत्पादनाच्या आकडेवारीत स्टोमॅटोपोड एवढाच उल्लेख पुरेसा असतो. जीवाश्मांचा संबंध येताच मात्र दोहोंत फरक करावा लागतो.

जुने भारतीय साहित्य वाचताना स्क्विला या नावाबाबतही अशीच दक्षता घ्यावी लागते. कलकत्त्याच्या इंडियन म्यूझीयममधील संग्रहावर आधारलेला स्टॅन्ली केंप यांचा १९१३ चा प्रबंध भारतीय जातींच्या अभ्यासाचा पाया मानला जातो. त्यात स्क्विला ही प्रजाती फार व्यापक अर्थाने घेतली आहे. कोकणासह भारताच्या पश्चिम किनाऱ्यावर ट्रॉल जाळ्यांत कोळंबीबरोबर येणारी व बव्हंशी सुकवून मासळीची कुटी किंवा खत यांसाठी वापरली जाणारी मँटिस कोळंबी स्क्विला नेपा या नावाने नोंदली गेली. हीच जाती १९६८ नंतर ओरॅटोस्क्विला नेपा, १९९५ मध्ये मियाकिया नेपा व २०१३ पासून मियाकेला नेपा या नावांनी ओळखली जाते. खऱ्या स्क्विला प्रजातीच्या जाती अटलांटिक व पूर्व पॅसिफिक भागांत राहतात. ही नामांतरे लक्षात न घेतल्यास एकाच प्राण्याच्या नोंदी चार निरनिराळ्या प्राण्यांच्या समजल्या जाण्याचा संभव असतो आणि जुन्या व नव्या पाहणींची तुलना निरर्थक ठरते. प्रजातींच्या नावांत अशी वारंवार उलथापालथ होत असता या सर्वांना सामावून घेणारे युनिपेल्टाटा हे नाव १८२५ पासून मँटिस कोळंब्यांनाच उद्देशून वापरले जात आहे.