पेटीतून घरी आल्यावर

‘सातव्यातलं जगतं, आठव्यातलं जगत नाही’ असं ठामपणे सांगणारी एखादी आजी प्रसूतिकक्षाबाहेरच्या बाकावर अजूनही भेटते. डॉक्टरांचा अनुभव नेमका उलटा आहे. पोटात मिळालेला एकेक आठवडा बाळाच्या कामी येतो, त्यामुळे आठव्यातलं बाळ सातव्यातल्यापेक्षा केव्हाही बळकट. ३७ आठवडे भरण्याआधी जन्मलेलं बाळ अपुऱ्या दिवसांचं मानतात. २०२० साली जगभरात अशी सुमारे १ कोटी ३४ लाख बाळं जन्मली. त्यातली ३० लाखांच्या आसपास एकट्या भारतात, इतकी दुसऱ्या कुठल्याच देशात नाहीत.

दीड किलोचं बाळ वाचणं ही आता नवलाची गोष्ट राहिलेली नाही. पण ते नीट बघेल का, ऐकेल का, कधी बसेल, शाळेत त्याला गणित जमेल का, हे प्रश्न इनक्युबेटरच्या काचेच्या पेटीतून बाहेर आल्यावर सुरू होतात आणि तोवर नातेवाईक पेढे वाटून मोकळे झालेले असतात.

३४ आठवड्यांच्या बाळाच्या मेंदूचं वजन पुऱ्या दिवसांच्या बाळाच्या तुलनेत साधारण ६५ टक्केच असतं. उरलेला तिसरा हिस्सा शेवटच्या सहा आठवड्यांत भरायचा असतो, तोही अंधारात, उबेत, हातपाय पोटाशी घेऊन. त्याऐवजी डोक्यावर दिवे, कानाशी मॉनिटरचा अलार्म आणि रक्ताच्या थेंबासाठी टाचेला टोचणं. हायडेलिस आल्स या बॉस्टनमधल्या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९८०च्या दशकात एक साधी पण महत्त्वाची गोष्ट मांडली : हे इवलंसं बाळ आपल्याशी बोलत असतं. बोटं फाकवणं, पाठ ताणणं, नजर वळवणं, उचकी लागणं, रंग उतरणं म्हणजे ‘आता पुरे’. मूठ मिटणं, हात तोंडाशी नेणं म्हणजे ‘सावरतोय’. चांगल्या एनआयसीयूमध्ये, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात, म्हणूनच पेटीवर जाड कापड घालतात, गुंडाळलेल्या चादरीचं कडं करून बाळाला त्यात कुशीवर निजवतात, आणि तपासण्या एका वेळी उरकून त्याला सलग झोपू देतात.

विकासाला मदत म्हटलं की आपल्याला खुळखुळे आणि रंगीत चित्रं आठवतात. या बाळांच्या बाबतीत पहिली मदत म्हणजे त्यांच्यावर होणारा मारा कमी करणं. खेळणी विकणाऱ्यांना हे पटणार नाही.

दुसरी मदत फुकट आहे. १९७८मध्ये कोलंबियातल्या बोगोटा शहरात, एकेका पेटीत दोन-दोन बाळं ठेवावी लागत होती आणि जंतुसंसर्गाने ती दगावत होती, तेव्हा डॉ. एडगर रे सानाब्रिया यांनी बाळं सरळ आयांच्या छातीशी दिली. पेटी परवडत नाही म्हणून केलेली ही सोय, म्हणजेच कांगारू पद्धत, पुढे पेटीच्या वरचढ ठरली. भारतासह पाच देशांतल्या रुग्णालयांत झालेला एक मोठा अभ्यास २०२१मध्ये प्रसिद्ध झाला. एक किलो ते १ किलो ८०० ग्रॅमच्या आतल्या बाळांना, प्रकृती स्थिरावण्याची वाट न पाहता, जन्मल्याबरोबर कांगारू पद्धतीने ठेवलं तेव्हा पहिल्या २८ दिवसांतले मृत्यू शंभरात सुमारे १६ वरून १२ वर आले. फरक इतका स्पष्ट होता की अभ्यास मुदतीआधीच थांबवला गेला. पुढच्याच वर्षी जागतिक आरोग्य संघटनेने रोज किमान आठ तास, जमेल तर दिवसरात्र, बाळ छातीशी ठेवण्याची शिफारस केली. बोगोटात या पद्धतीच्या अभ्यासात असलेली मुलं वीस वर्षांनी पुन्हा तपासली, तर कांगारू पद्धतीने वाढलेली मुलं तुलनेने शांत होती आणि शाळा कमी बुडवत होती.

करायचं ते असं. समोरून उघडणारा गाऊन किंवा ब्लाउज. बाळाच्या अंगावर फक्त टोपी, मोजे आणि लंगोट. त्याला दोन्ही स्तनांच्या मधे उभं धरायचं, पाय बेडकासारखे दुमडलेले, मान एका बाजूला वळवून किंचित वर, म्हणजे नाक मोकळं राहतं आणि त्याचा चेहरा आपल्याला दिसतो. वरून मऊ कापडाने दोघांना बांधायचं आणि मागे रेलून बसायचं. पंधरा मिनिटांत काढून ठेवण्यात अर्थ नाही, तासभर तरी हवा. आईला ताप असेल तर बाबांनी बसावं, आजीनेही बसावं. बाबा लोक आधी शर्टाची बटणं काढायला लाजतात, नंतर उठायचं नाव घेत नाहीत. जिथे आईबापांनाही ‘भेटीच्या वेळेत या’ असं सांगतात, तिथल्या भारी यंत्रांचं मला कौतुक वाटत नाही.

चोखणं, गिळणं आणि श्वास घेणं यांचा मेळ साधारण ३४व्या आठवड्यानंतर बसतो. तोवर दूध नळीने, मग वाटी-चमच्याने किंवा बोंडल्याने. आजीच्या कपाटातलं बोंडलं अशा वेळी बाटलीपेक्षा कितीतरी बरं, मात्र दर वेळी उकळून घ्यावं. दूध आईचंच हवं, ते पुरत नसेल तर दुग्धपेढीचं. आशियातली पहिली दुग्धपेढी १९८९मध्ये डॉ. अर्मिडा फर्नांडिस यांनी मुंबईत सायन रुग्णालयात सुरू केली, ती अशाच बाळांसाठी.

यानंतरची गोष्ट तारखेची आहे आणि ती चुकली तर भरून निघत नाही. डोळ्याच्या पडद्याच्या रक्तवाहिन्या अपुऱ्या दिवसांत अर्धवट राहतात. पुढे त्या, विशेषतः ऑक्सिजन जास्त झाला असेल तर, वेड्यावाकड्या वाढून पडदा ओढून काढू शकतात. हा आजार म्हणजे आरओपी. भारतात ३४ आठवड्यांच्या आधी जन्मलेल्या किंवा दोन किलोपेक्षा कमी वजनाच्या बाळाचा पडदा जन्मापासून ३० दिवसांच्या आत तपासायचा असतो, फारच लहान असेल तर दोन-तीन आठवड्यांतच. वरून काही कळत नाही. डोळे छान टपोरे दिसतात, लाली नाही, पाणी नाही. तोवर बाळ घरी आलेलं असतं, ‘एवढ्याशा जिवाला कशाला बाहेर काढता’ म्हणून तारीख पुढे जाते, आणि लेझरने वाचली असती ती नजर जाते. कानांचंही तसंच. एनआयसीयूत राहिलेल्या बाळाची मेंदूपर्यंत आवाज पोचतो का हे पाहणारी बेरा चाचणी व्हायला हवी. टाळी वाजवल्यावर दचकतं, एवढ्यावर समाधान मानू नये.

घरी आपल्या रीती कामाला येतात, काही आडव्याही येतात. सव्वा महिना बाळबाळंतिणीने उबदार खोलीत राहायचं आणि पाहुण्यांनी लांब राहायचं, ही पद्धत या बाळासाठीच घातली असावी इतकी योग्य आहे. खोबरेल तेलाचा हलका हात चांगला. पण धुरी, मध, बाळगुटी, काजळ, नाकाकानात तेल, पायांवर पालथं घालून रगडून न्हाऊ घालणं हे सगळं बंद. आंघोळीची घाई नको, पुरेसं वजन भरेपर्यंत पुसून घ्यावं. दिवाळीत बाहेर फटाके चालू असतात. ज्या घरात असं बाळ आहे त्या जिन्याखाली तरी लावू नयेत, त्याची फुप्फुसंही अपुऱ्या दिवसांचीच आहेत.

मग शेजारच्या बाळाशी तुलना सुरू होते. ३२व्या आठवड्यात जन्मलेलं बाळ आठ आठवडे आधी आलं. कॅलेंडरवर ते सहा महिन्यांचं झालं तरी विकासाच्या हिशेबाने चार महिन्यांचं धरायचं. दोन वर्षांपर्यंत हीच वजाबाकी करायची. लसी मात्र जन्मतारखेप्रमाणेच. हिशेब करूनही मान धरत नसेल, मुठी सतत घट्ट असतील, लंगोट बदलताना मांड्या कडक लागत असतील, एकच हात वापरत असेल तर ‘आमचा बाबूही उशिराच चालला’ हे ऐकत बसू नये. जागं असताना थोडा वेळ पालथं ठेवावं, हात छातीच्या मधोमध आणून खेळवावेत, वीतभर अंतरावरून तोंड दाखवत बोलावं. पांगुळगाडा आणू नये. यातली बरीच मुलं आधीच चवड्यांवर चालू पाहतात, गाड्याने ती सवय पक्की होते.

पहिल्या ४२ दिवसांत आशाताई घरी येऊन बाळ पाहतात. ही कल्पना मुळात गडचिरोलीत डॉ. अभय आणि राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेतल्या कामातून आली. पुढे २०१३मध्ये पालघरहून सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात जिल्हा पातळीवर लवकर निदान आणि उपचार करणारी डीईआयसी केंद्रं आली. फिजिओथेरपिस्ट, वाचा-श्रवणतज्ज्ञ, डोळ्यांचे डॉक्टर एका छताखाली, तेही मोफत, अशी ती योजना. अडचण एसटीच्या भाड्याची आणि बुडणाऱ्या मजुरीची असते. बाळ हसतं-खेळतं दिसत असताना तिसऱ्या-चौथ्या खेपेला कोण जाणार?

पुण्याच्या केईएम रुग्णालयात डॉ. सुधा चौधरी आणि सहकाऱ्यांनी १९८७ ते ८९मध्ये एनआयसीयूतून घरी गेलेल्या, दोन किलोपेक्षा कमी वजनाच्या बाळांचा पाठपुरावा थेट ती अठरा वर्षांची होईपर्यंत केला. आपल्याकडे इतका चिवट पाठपुरावा विरळा. बहुतेक मुलांची बुद्धी सर्वसाधारण मर्यादेत होती, बरोबरीच्या मुलांपेक्षा थोडी कमी. बाराव्या वर्षी मात्र बऱ्याच जणांना वाचन, गणित आणि डोळ्यांनी पाहिलेलं हाताने उतरवणं जड जात होतं. फळ्यावरचं वहीत घेताना मागे पडणाऱ्या अशा मुलाला वर्गात ‘आळशी’ म्हणतात, कारण ते किती दिवसांचं जन्मलं हे शाळेला ठाऊकच नसतं. डिस्चार्ज कार्डाची एक प्रत शाळेच्या फायलीत लावावी, पहिली-दुसरीतच चाचणी करून घ्यावी. अध्ययन अक्षमतेचं प्रमाणपत्र असेल तर राज्य मंडळाच्या परीक्षेत जादा वेळेसारख्या सवलती मिळतात, आणि त्यासाठीची धावपळ दहावीच्या वर्षात सुरू केली तर उशीर झालेला असतो.