दफनभूमीच्या परवानगीवर हरकत आहे? आधी सातबारा बघा

बीड : गावात दफनभूमीचं काम निघालं की वाद होतोच. पण नुसती भीती कोर्टात टिकत नाही. वांद्र्याच्या कब्रस्तानात कोरोनाने मृत्यू झालेल्यांच्या दफनाला मुंबई महापालिकेने एप्रिल २०२० मध्ये परवानगी दिली. रहिवासी हायकोर्टात गेले. मृतदेहातून संसर्ग पसरल्याचा शास्त्रीय पुरावा नाही, सन्मानाने दफन हा कलम २१ मधला हक्क आहे, असं सांगत कोर्टाने २२ मे २०२० रोजी याचिका फेटाळली.

जागेचा मुद्दा मात्र वेगळा. जमीन महसूल संहितेच्या कलम २२ नुसार गायरान चराईसाठी राखीव असतं. तिथं दफनभूमी करायची तर जिल्हाधिकाऱ्यांची मंजुरी लागते.

म्हणून औरंगाबाद खंडपीठात जाण्याआधी सातबारा, ग्रामसभेचा ठराव आणि मंजुरीचा आदेश, ही तीन कागदं काढून बघा.