शब्दांवाचून बोलणारे चित्रपट

आपल्या घराघरांतली एक अडचण आम्ही नेहमी ऐकतो. आजी-आजोबा मराठीत विचारतात, नातवंडे इंग्रजीत नाहीतर फ्रेंचमध्ये उत्तर देतात, आणि टीव्हीपुढे एकत्र बसले तरी एकाला कळते ते दुसऱ्याला कळत नाही. अशा घरांसाठी आज एका कलावंताची ओळख करून देतो. त्यांचे नाव नॉर्मन मॅक्लॅरेन.

स्कॉटलंडमधल्या स्टर्लिंग गावी १९१४ साली त्यांचा जन्म झाला. १९४१ मध्ये ते कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात आले. म्हणजे आपल्यासारखेच बाहेरून आलेले! या दोन भाषांच्या देशात त्यांनी केलेल्या बहुतेक चित्रपटांत संवादच नाहीत.

मुलांनो, सिनेमाची फीत म्हणजे ओळीने लावलेली चित्रे, सेकंदाला २४. मॅक्लॅरेन पुष्कळदा कॅमेरा वापरतच नसत. कोऱ्या फितीवर ते शाईने, रंगांनी चित्रे काढीत, काळ्या फितीवर टोकाने ओरखडे काढीत. १९४९ च्या 'बिगॉन डल केअर'मध्ये त्यांनी आणि एव्हलिन लँबार्ट यांनी ऑस्कर पीटरसन यांच्या पियानोवर रंग नाचवले आहेत. फितीच्या कडेला आवाजाची अरुंद पट्टी असते. तिच्यावरही ते रेघा काढीत आणि त्यांतून सूर निघत. आहे की नाही गंमत?

१९५२ चा 'नेबर्स' आठच मिनिटांचा. दोन शेजाऱ्यांच्या हद्दीवर एक फूल उगवते आणि ते कोणाचे यावरून भांडण जुंपते. खऱ्या माणसांचे एकेक चित्र थांबून थांबून घेतल्यामुळे ती बाहुल्यांसारखी हलतात. शेवटी फूलही जाते, माणसेही जातात. मग शेजाऱ्यावर प्रेम करण्याचा उपदेश अनेक भाषांत पडद्यावर येतो. हा उपदेश आपल्याला नवा नाही, तोराच्या वायिक्रा ग्रंथात १९ व्या अध्यायात तो आहेच. या चित्रपटाला १९५३ मध्ये ऑस्कर मिळाले. मारामारी फार आहे, म्हणून लहानग्यांजवळ मोठ्यांनी बसावे.

१९५३ मध्ये मॅक्लॅरेन युनेस्कोच्या कामासाठी भारतात गेले होते. पुढे १९५७ मध्ये क्लोद जुत्रा यांच्याबरोबर त्यांनी 'अ चेअरी टेल' केला. त्याला संगीत आहे पंडित रविशंकरांच्या सतारीचे आणि चतुरलाल यांच्या तबल्याचे! एक खुर्ची माणसाला बसूच देत नाही. तो ओढतो, दटावतो, मिनतवाऱ्या करतो, पण ती दूर पळते. अखेर तो स्वतः वाकून तिला आपल्यावर बसू देतो, तेव्हा तिचा रुसवा जातो.

मॅक्लॅरेन १९८७ मध्ये वारले. त्यांचे चित्रपट फिल्म बोर्डाच्या संकेतस्थळावर फुकट बघायला मिळतात. आजी-आजोबांनी सुरुवात खुर्चीपासून करावी, सतार कानी पडली की ते स्वतःच खुलतील. नंतर नातवंडांना एकच विचारावे, "ती खुर्ची का गं रुसली होती?" उत्तर कोणत्याही भाषेत आले तरी चालेल.