नर्सबाई दारी आली, की बाळ उघडून दाखवा

वासरू आचळाला लागेनासे झाले, मान टाकून बसले, की शेतकऱ्याला चैन पडत नाही. पण घरातले आठ दिवसांचे बाळ अंगावर पिईनासे झाले, तर ‘दृष्ट लागली असेल, उद्या पिईल’ असे म्हणून आपण रात्र काढतो. ही एक रात्र फार महाग पडते.

पहिल्या महिन्यात बाळाच्या अंगात जंतू शिरून रक्तात पसरतात, त्या जंतुदोषाला डॉक्टर ‘सेप्सिस’ म्हणतात. अशा वेळी तान्ह्या बाळाला ताप येईलच असे नाही. उलट पुष्कळदा अंग गार पडते. रडणे थांबते आणि घरच्यांना वाटते, बाळ शांत झोपले आहे. म्हणून शिकलेली नजर लागते.

डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने १९९५ पासून गडचिरोली जिल्ह्यातील ३९ गावांत हे करून दाखविले. गावातल्याच बायांना शिकवून आरोग्यदूत केले. त्या घरोघरी बाळ तपासत आणि जंतुदोष दिसला, की आईबापांच्या संमतीने घरीच जेंटामायसिनचे इंजेक्शन व तोंडाने औषध देत. तिसऱ्या वर्षी, तुलनेसाठी घेतलेल्या गावांच्या मानाने नवजात बाळांचे मृत्यू ६२ टक्क्यांनी घटले.

पुढे २०११ पासून देशभर आशाताई बाळाला घरी जाऊन पाहू लागल्या. दवाखान्यात बाळंतपण झाले असेल, तर त्या ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी येतात. बाळाला दवाखान्यात नेणे शक्यच नसेल, तर उपकेंद्राच्या नर्सबाईने जेंटामायसिन द्यावे, अशी मुभा केंद्र सरकारने २०१४ मध्ये दिली.

तेव्हा नर्सबाईला चहा पाजून उंबऱ्यावरूनच वाटेला लावू नका. दुपट्यात गुंडाळलेले बाळ तिच्यापुढे उघडून ठेवा. ती बेंबी पाहील, पोटाला हात लावील, घड्याळ लावून श्वास मोजील. मिनिटाला ६० किंवा त्याहून जास्त श्वास हे धोक्याचे लक्षण आहे.

मधल्या दिवसांत आईने व आजीने पुढील खुणा पाहाव्यात :

• अंगावर पिणे कमी किंवा बंद होणे
• रडणे क्षीण होणे
• हातपाय लुळे पडणे
• अंग गार किंवा फार गरम लागणे
• श्वास घेताना छाती आत ओढली जाणे
• पोट फुगणे, वारंवार उलटी होणे
• बेंबी लाल होणे, तिच्यातून पू येणे

यातली एक जरी खूण दिसली, तरी ताबडतोब नर्सबाईला कळवा किंवा १०८ क्रमांकावर गाडी मागवा. वाटेत बाळ आईच्या छातीशी उघड्या अंगाला लावून, वरून पांघरूण घालून न्या.

नाळेला हळद, राख, शेण काही लावू नका. ती कोरडी ठेवा. हात साबणाने धुऊनच बाळाला घ्या. आणि इंजेक्शने सुरू झाली, तर दुसऱ्या दिवशी बाळ हसरे दिसले म्हणून ती मध्येच थांबवू नका. सांगितलेले सगळे दिवस पुरे करा.