खडा किती एमएमचा, एवढंच विचारू नका

सोनोग्राफीचा रिपोर्ट हातात आला की घरातला पहिला प्रश्न ठरलेला: ‘किती एमएमचा?’ खडा जितका मोठा तितकी कळ मोठी, असं धरूनच सगळे चालतात. पण कळ येते ती मूत्रवाहिनी अडल्यामुळे, वर लघवी तुंबल्यामुळे. चार एमएमचा खडा तिथे अडकला तर माणूस गडाबडा लोळतो. उलट सांबरशिंगासारख्या फांद्या फुटून मूत्रपिंड व्यापणारा खडा कित्येकदा दुखतही नाही आणि आत नुकसान करत राहतो. तो बहुधा जंतुसंसर्गातून वाढलेला असतो. दुखण्यासोबत थंडी-ताप आला तर त्याच दिवशी रुग्णालय गाठावं.

सगळे खडे सारखे, हाही गैरसमजच. बहुतेक खडे कॅल्शियम ऑक्झलेटचे. त्यातही दोन तऱ्हा: एक गडद तपकिरी आणि कठीण, बाहेरून दिलेल्या ध्वनिलहरींनाही सहज दाद न देणारा, दुसरा पिवळसर, टोकदार कडांचा. हा टोकदार दिसायला भीतीदायक, पण फुटतो लवकर. युरिक ॲसिडचा खडा तांबूस-पिवळा. साध्या एक्स-रेत तो दिसत नाही. लघवी आम्लधर्मी राहिली की तो धरतो, आणि ती आम्लता औषधाने कमी केली की विरघळूही शकतो. कॅल्शियमचा खडा असा विरघळत नाही. म्हणून शेजाऱ्याला लागू पडलेलं औषध आपल्याला लागू पडेलच असं नाही.

मला सर्वांत जास्त खटकतं ते खडा सापडताच दूध-दही बंद करणं. जेवणातलं कॅल्शियम आतड्यातच ऑक्झलेटला बांधून ठेवतं. ते कमी केलं तर ऑक्झलेट रक्तात आणि तिथून लघवीत जास्त उतरतं. इटलीतल्या 120 पुरुषांवरच्या, 2002 साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत कॅल्शियम नेहमीइतकं ठेवून मीठ आणि मांसाहार कमी केलेल्या गटात पाच वर्षांत 12 जणांना पुन्हा खडा झाला. कमी कॅल्शियमच्या गटात 23 जणांना. हात आखडायचाच तर लोणचं-पापडावर आखडा, कारण मिठामुळे लघवीतलं कॅल्शियम वाढतं. टोमॅटो उगीचच बदनाम आहे. पालकात त्याच्या कितीतरी पट ऑक्झलेट असतं.

बीअरने खडा पडतो म्हणतात. लघवी वाढते खरी, पण बीअरने युरिक ॲसिडही वाढतं. पाणीच प्यावं, आणि किती ग्लास प्यायलो यापेक्षा दिवसाला अडीच लिटरच्या आसपास लघवी होते का, ते पाहावं. विदर्भातल्या उन्हाळ्यात घामावाटेच इतकं पाणी जातं की नेहमीचे ग्लास पुरत नाहीत.

खडा पडण्याची वाट पाहत असाल, तर बारीक गाळणीतून लघवी करा. हाती आलेला खडा धुऊन, वाळवून डबीत ठेवा आणि डॉक्टरांकडे न्या. तो कशाचा बनलाय, हे प्रयोगशाळेत कळतं.